घुबडाची पारख: अथेन्सच्या बाजारातला एक दिवस

पहाट

अजून पुरतं फटफटलेलं नाही, पण दिपिलोन वेशीतून गाढवांची रांग आत येऊ लागली आहे. त्यांच्या पाठीवर कोळशाची पोती, कांदे आणि मधाचे बुधले आहेत. वेशीपासून निघालेला रुंद रस्ता थेट अगोरात, म्हणजे अथेन्सच्या मोठ्या चौकात जातो. त्याच रस्त्याने एक माणूस एकटाच चालला आहे. त्याच्या खांद्यावरच्या पिशवीत तराजू, छिन्नी आणि छोटी हातोडी आहे. हा माणूस गुलाम आहे, पण कुणा एका घरचा नाही. तो अख्ख्या शहराचा आहे. अथेन्समध्ये असे बरेच गुलाम होते. कुणी सरकारी दप्तर सांभाळत, कुणी तुरुंगात काम करत, कुणी टांकसाळीत, तर कुणी रस्त्यात मरून पडलेल्यांची प्रेतं उचलत. बहुतेकांचं बिऱ्हाड वेगळं असे, हातात थोडा रोजगार पडे, आणि मालक म्हणून डोक्यावर हजारो नागरिक असत.

आपल्या या माणसाचं काम चांदीची नाणी पारखण्याचं. ग्रीकमध्ये त्याला 'दोकिमास्तेस' म्हणत. आपण त्याला नाणेपारखी म्हणू.

वर्ष धरू ख्रिस्तपूर्व 374, दिवस वसंतातला. समुद्र शांत होऊन गलबतं पुन्हा सुटू लागली आहेत. निकोफोन नावाच्या नागरिकाने मांडलेला एक कायदा याच वर्षात मंजूर झाला आहे. तो संगमरवरी शिळेवर कोरून चौकात उभा केला आहे, अगदी या पारख्याच्या बसण्याच्या जागेपाशी. पुढे कधीतरी ती शिळा उपटून एका मोठ्या गटाराच्या भिंतीत दगड म्हणून वापरली गेली. 1970 साली अगोराच्या उत्खननात ती सापडली आणि 1974 मध्ये रोनाल्ड स्ट्राउड यांनी तिचं वाचन प्रसिद्ध केलं. या दिवसातल्या नियमांचा, शिक्षांचा, पगाराचा आणि बसण्याच्या जागांचा तपशील मी त्या शिळेवरूनच घेतला आहे. पार्थेनॉनच्या खांबांपुढे लोक तासन्‌तास उभे राहतात. मला ही शिळा त्याहून मोलाची वाटते, कारण हे शहर रोज सकाळी कसं चालायचं ते तिच्यावर लिहिलेलं आहे.

पेढ्या मांडायची वेळ

ऊन चढायच्या आत सराफ आपापली मेजं मांडतात. ग्रीक माणूस पेढीला मेजच म्हणायचा. मेजावर नाण्यांच्या चळती लागतात: एजिनाची कासवं, कॉरिंथचे पंखवाले घोडे, किझिकोसची सोन्या-चांदीच्या मिश्रणाची फिकट पिवळी नाणी, क्वचित इराणच्या बादशहाचा सोन्याचा दारिक. प्रत्येक शहराचं वजन निराळं आणि चांदीचा कस निराळा. परगावचा माणूस आपली नाणी इथे देतो आणि सराफाचा बट्टा सोसून अथेन्सची घेतो. पेशवाईत मुलखागणिक रुपया बदलायचा, बट्ट्याशिवाय व्यवहार पुरा व्हायचा नाही आणि पोतदाराच्या नजरेखालून गेल्याशिवाय रक्कम खजिन्यात पडायची नाही. हे ज्याला ठाऊक आहे, त्याला अगोरातली ही सकाळ परकी वाटणार नाही.

पारखी या मेजांच्या मधोमध बसतो. त्याने कुठे बसायचं तेसुद्धा कायद्याने ठरवून दिलं आहे. सॉक्रेटिस जिथे उभा राहून लोकांना प्रश्न विचारायचा, त्या जागांमध्ये ही मेजंही होती. त्याला विष देऊन आता 25 वर्षं झाली आहेत.

आजूबाजूच्या सराफांच्या तोंडी नाव असतं पासिओनचं. पासिओन मुळात दोन सराफांचा गुलाम. पेढीचं काम शिकला, मालकांनी त्याला मुक्त केलं आणि पेढी त्याच्याकडे आली. त्याने शहराला हजार ढाली भेट दिल्या, शहराने त्याला नागरिकत्व दिलं. या काळात तो अथेन्सचा सगळ्यात मोठा सावकार आहे, आणि त्याच्या पेढीवर घडलेला त्याचा गुलाम फोर्मिओन पुढे तीच पेढी चालवणार आहे. पैशाचं ज्ञान या शहरात अशा माणसांच्या हाती एकवटलं होतं. जमीनजुमला बाळगणारा, सभेत भाषणं करणारा नागरिक व्याजबट्ट्याच्या कामाकडे जरा नाक मुरडूनच पाहायचा. मग ते काम ज्यांच्याकडून करून घ्यायचं, त्यांनाच ते उत्तम येऊ लागलं.

भरला बाजार

'बाजार भरायची वेळ' हा ग्रीकांचा दिवसाचा एक प्रहरच होता, साधारण मध्यान्हीच्या आधीचा. भेटायची वेळ सांगताना लोक ती याच शब्दांत सांगत. आता चौकात गर्दी मावत नाही. एकीकडे मासळी, एकीकडे ताजं चीज, एकीकडे कुंभारांची गाडगी. सुटे ओबोल गालात धरून हिंडणारी माणसं आहेत. सहा ओबोलांचा एक द्राख्मा होतो आणि ओबोल पाऊण ग्रॅमहूनही हलका असतो. खिसे नसलेल्या कपड्यात एवढ्याशा नाण्याला तोंडाइतकी सुरक्षित जागा दुसरी कुठली!

मासळीच्या ओट्याजवळ आवाज चढतो. गिऱ्हाइकाने चार द्राख्म्यांचं नाणं पुढे केलं आहे आणि कोळी ते घ्यायला तयार नाही. दोघेही वाद घालत पारख्याच्या मेजाशी येतात.

तो नाणं हातात घेतो. एका बाजूला शिरस्त्राण घातलेली अथेना. दुसऱ्या बाजूला तिचं घुबड, अंग आडवं पण तोंड थेट बघणाऱ्याकडे. वर ऑलिव्हची डहाळी, बारीकशी चंद्रकोर आणि शहराच्या नावाची पहिली तीन अक्षरं. जाड, ओबडधोबड कडेचं हे नाणं सव्वासतरा ग्रॅमच्या आसपास भरतं. ज्याच्या हातून रोज शेकडो नाणी जातात, त्याच्या तळहाताला ते वजन पाठ असतं. डोळा आधी उंचवट्यांकडे जातो, अथेनाच्या गालाकडे आणि घुबडाच्या डोक्याकडे, कारण मुलामा पहिल्यांदा तिथे झिजतो. मग कडेकडे, कारण चांदीचा पत्रा दुमडून जोडलेला असला तर शिवण तिथे उघडी पडते. मग तो नाणं मेजावर टाकतो आणि ऐकतो. चांदी खणखणीत वाजते आणि तिचा नाद थोडा लांबतो. शिसं बद्द बोलतं. तांब्यावरचा मुलामा शिशाइतका मुका नसतो, पण तराजूत उघडा पडतो, कारण त्याच आकाराचा तांब्याचा तुकडा चांदीहून हलका भरतो. चार शतकांहून अधिक काळानंतर एपिक्टेटस या तत्त्वज्ञाने नाणेपारख्याचं उदाहरण दिलं, तेव्हाही डोळा, स्पर्श, वास आणि कान हीच त्याची साधनं होती.

हे नाणं खरं निघतं. पारखी ते परत देतो आणि कोळ्याला आता ते घ्यावंच लागतं. नाही म्हणायची सोय कायद्याने ठेवलेली नाही. पारख्याने पसंत केलेली चांदी जो नाकारेल, त्याचा त्या दिवशी विक्रीला मांडलेला सगळा माल जप्त! कोळ्यासाठी याचा अर्थ सकाळपासून मांडलेल्या सगळ्या टोपल्या. तो मुकाट्याने नाणं घेऊन ओट्याकडे वळतो.

पुढचं नाणं तसं नाही. कडेला तांबूस रेघ दिसते. पारखी हातोडीच्या एका घावात छिन्नी नाण्यात घालतो आणि ते आडवं चिरतो. आत तांबं. आणणारा कळवळून सांगतो, मला दुसऱ्याकडून मिळालं, माझा काय दोष? कायदा त्याला शिक्षा करत नाही, पण नाणंही परत देत नाही. आत तांबं असो, शिसं असो की नाणं दुसऱ्या कुठल्या तऱ्हेने खोटं असो, ते तिथल्या तिथे चिरायचं आणि देवमातेला अर्पण करायचं. देवाचं झाल्यावर ते पुन्हा बाजारात आणायची कुणाची छाती होणार नाही.

सगळ्यात नाजूक असतं तिसऱ्या जातीचं नाणं. चांदी चोख, वजन बरोबर, वर अथेना आणि घुबडही. पण डोळा जरा वेगळा, अक्षरांची ठेवण परकी. हे अथेन्सच्या टांकसाळीतलं नाही. त्या काळी इजिप्तचे राजे इराणच्या बादशहाशी झुंजत होते आणि ग्रीक भाडोत्री शिपायांना पदरी ठेवत होते. या शिपायांना पगार हवा असायचा तो घुबडातच. म्हणून नाईलच्या काठी घुबडं पाडली जाऊ लागली, सीरिया-पॅलेस्टाईनच्या किनाऱ्यावरही. ती फिरत फिरत इथे येतात. ही लबाडी म्हणायची तर चांदी अस्सल आहे, आणि अस्सल म्हणायची तर छाप उसना. कायदा म्हणतो, चांगलं असेल तर आणणाऱ्याला परत द्या. परत दिलेलं नाणं विक्रेत्याने घ्यायलाच हवं का, यावर विद्वानांमध्ये अजून वाद चालू आहे. सक्ती फक्त अथेन्सच्या नाण्याची होती, असं माझं मत आहे. कायद्याच्या पहिल्याच वाक्यात दोन अटी आहेत: ती चांदी असल्याचं दिसलं पाहिजे आणि तिच्यावर शहराचा छाप असला पाहिजे. नुसत्या चांदीवर भागणार असतं, तर दुसऱ्या अटीची गरज उरली नसती.

एवढी कडक व्यवस्था का, हे कळायला जवळजवळ चाळीस वर्षं मागे जावं लागतं. ख्रिस्तपूर्व 413 मध्ये स्पार्टाने देकेलेया इथे ठाणं दिलं, तेव्हा अथेन्सचे वीस हजारांहून अधिक गुलाम पळून गेले, असं इतिहासकार थ्यूसिडिडीस लिहितो. लाव्रिओनच्या चांदीच्या खाणी थंडावल्या. स्पार्टाशी चाललेल्या त्या युद्धाच्या शेवटी शहराने स्वतःच तांब्यावर चांदीचा मुलामा देऊन नाणी पाडली. नाटककार ॲरिस्टोफेनीसने 405 च्या नाटकात त्या नाण्यांवर कोरडे ओढले. 392 च्या सुमाराच्या दुसऱ्या नाटकात त्याने एक प्रसंग घातला आहे. एक माणूस द्राक्षं विकतो, आलेली तांब्याची नाणी तोंडात भरतो आणि पीठ घ्यायला जातो. पोतं पुढे धरतो तोच दवंडी पिटते की तांबं आजपासून बंद. प्रेक्षक हसले असतील, पण त्यातल्या कितीतरी जणांवर ती वेळ स्वतः आली असेल. जे शहर एकदा स्वतः खोटं नाणं पाडतं, त्याला पुढच्या पिढीत आपल्या खऱ्या नाण्यावरही पहारा बसवावा लागतो. पारख्याची मेजाजवळची बैठक हा तो पहारा आहे.

मध्यान्ह

उन्हं डोक्यावर येतात आणि गर्दी पांगू लागते. याच वेळी तक्रारी घेऊन माणसं येतात. पारख्याने पसंत केलेली चांदी एखाद्याने नाकारली, तर कुणीही नागरिक त्याच्याविरुद्ध वर्दी देऊ शकतो. धान्याच्या बाजारातली बाब असेल तर धान्यरक्षकांकडे, चौकातली किंवा शहरातली असेल तर सभा-संयोजक म्हणवणाऱ्या मंडळाकडे, बंदरातली असेल तर बंदराच्या अधिकाऱ्यांकडे. दहा द्राख्म्यांपर्यंतचा वाद अधिकारी स्वतः मिटवतात, त्यापुढचा न्यायसभेत जातो. वर्दी देणाऱ्याचं म्हणणं शाबीत झालं, तर जप्तीतला अर्धा वाटा त्याला मिळतो. अथेन्सकडे पोलीसखातं नावाला होतं. शहर आपले कायदे चालवायचं ते नागरिकाच्या सावधपणावर आणि थोडं त्याच्या लोभावरही.

माल विकणारा स्वतः गुलाम असेल, पुरुष किंवा बाई, तर कायद्यात त्याला फटक्यांची शिक्षा आहे. पन्नास फटके. आणि पारखी आपल्या जागी बसला नाही, किंवा त्याने नियमाप्रमाणे पारख केली नाही, तर त्यालाही पन्नास. ज्या अधिकाऱ्याने कायदा राबवण्यात कुचराई केली, त्याला मात्र पदावरून काढायचं आणि पाचशे द्राख्म्यांपर्यंत दंड करायचा. त्याच्या पाठीला हात लावायचा नाही. नागरिक चुकला तर पैशाने फेडतो आणि गुलाम अंगाने.

मला या शिळेतली सगळ्यात अस्वस्थ करणारी गोष्ट इथे दिसते. अथेन्सच्या न्यायालयात गुलामाची साक्ष घ्यायची रीत अशी होती की त्याला छळलं तरच तो खरं बोलेल. त्याच शहरात, त्याच चौकात, या एका गुलामाने नाण्याबद्दल उच्चारलेला शब्द नागरिकाला, परक्या व्यापाऱ्याला आणि सराफाला बांधील आहे. त्यांनी तो मोडला तर त्यांचा माल जातो. नागरिकाला हे काम का दिलं नाही, याचं उत्तर मला फटक्यांत दिसतं. नागरिकांची पदं चिठ्ठ्या टाकून, वर्षापुरती वाटली जात. वर्षभरात हाताला वजन पाठ होत नाही. हे कसब अनेक वर्षांनी येतं. शिवाय नागरिकाने लाच खाल्ली तर खटला, पुरावे, भाषणं. गुलामाला थेट खांबाशी बांधता येतं. लोकशाहीला एक निष्णात, कायमचा आणि निमूटपणे शिक्षा सोसणारा माणूस हवा होता. स्वतंत्र माणसांत तो मिळणार नव्हता, म्हणून तिने तो विकत घेऊन ठेवला.

कलती दुपार, बंदरात

शहरापासून सात-आठ किलोमीटरवर, लांब भिंतींच्या दुसऱ्या टोकाला, पायरेउस बंदरात दुसरा पारखी बसला आहे. ही जागा नवी आहे. निकोफोनच्या कायद्याने ती निर्माण केली, आणि कायदा त्याचं कारणही सांगतो: जहाजमालक, व्यापारी आणि इतर सगळे यांची सोय. शहराच्या परिषदेने सरकारी गुलामांतून एकाला नेमावं, नसेल तर विकत घ्यावा, पैसे खजिन्याच्या अधिकाऱ्यांनी द्यावेत. त्याने पोसायडनच्या शिळेपाशी बसावं. शहरातला कायदा इथेही कोरून लावावा.

याच वर्षी हे का सुचलं? ख्रिस्तपूर्व 376 मध्ये स्पार्टाच्या आरमाराने धान्याची गलबतं अडवून धरली होती. अथेन्सचा सेनापती खाब्रियास याने नाक्सोसच्या समुद्रात ते आरमार मोडलं आणि वाट मोकळी झाली. आता काळ्या समुद्राकडून गहू येतो आहे. क्रिमियाच्या बाजूला राज्य करणारा लेउकोन अथेन्सकडे जाणाऱ्या धान्याला सवलत देतो. त्याच्याकडून वर्षाला चार लाख मेदिम्नोस (हे ग्रीकांचं धान्याचं माप) धान्य येतं, असं वक्ता डेमॉस्थिनीस पुढे 355 मध्ये भर न्यायालयात सांगणार होता. अथेन्सभोवतीच्या अटिका प्रदेशातल्या खडकाळ जमिनीला एवढी तोंडं पोसणं कधीच शक्य नव्हतं. म्हणजे शहराची भाकरी बंदरात उतरते आणि घुबड देऊन विकत घ्यावी लागते.

व्यापारी ते घुबड खुशीने घेतो, त्यालाही कारण आहे. अथेन्सचा लेखक झेनोफोन याने शहराच्या उत्पन्नावर लिहिलेल्या छोट्या पुस्तकात ते मांडलं आहे. बहुतेक शहरांची नाणी वेशीबाहेर चालत नाहीत, म्हणून तिथे माल विकलेल्याला परतीचा माल भरूनच निघावं लागतं. अथेन्समधून मात्र नुसती चांदी नेली तरी चालते, कारण जिथे जाल तिथे ती घातल्या किमतीहून जास्त देते. ही पत लाव्रिओनच्या चोख चांदीची. आणि ती टिकली या शिळेपाशी बसलेल्या माणसाच्या नजरेमुळे. समुद्रावर कर्ज काढून निघालेल्या व्यापाऱ्याच्या डोक्यावर व्याज असतं. डेमॉस्थिनीसच्या भाषणांत जपून राहिलेल्या एका करारात ते एका फेरीला हजारी 225 आहे, आणि हंगाम उलटून परतल्यास 300. त्याला बंदरात चार दिवस नाण्यांवरून भांडायला वेळ नाही. पारख्याने एकदा वाजवून पाहिलं की विषय संपला पाहिजे.

लाव्रिओनचं नाव घेतलं की तिथल्या माणसांचंही घ्यायला हवं. हातभर उंचीच्या बोगद्यांत सरपटत शिशाचा धोंडा खणणारे हेही गुलामच. निकियास या सेनापतीचे हजार गुलाम तिथे माणशी रोज एका ओबोलने भाड्याने दिलेले होते, हे झेनोफोनच लिहितो. त्या धोंड्यातून शिसं वितळवून काढायचं, ते भट्टीत जाळून मागे उरलेली चांदी वेचायची. अंधारात खणणारा गुलाम, टांकसाळीत छाप मारणारा गुलाम, चौकात पारखणारा गुलाम. घुबड नागरिकाच्या हातात पडेपर्यंत त्याचा सगळा प्रवास गुलामांच्या हातून झालेला असतो.

बाजार उठताना

सावल्या लांबतात. सराफ नाण्यांच्या थैल्या बांधून मेजं आवरतात. पारख्याचं काम मात्र संपलेलं नाही. दिवसभरात चिरलेली नाणी एका कापडात आहेत. ती मोजून चौकाच्या पश्चिमेला परिषदेकडे न्यायची. परिषदेच्या सभागृहाशेजारीच देवमातेचं स्थान आहे आणि शहराचं दप्तरही तिथेच असतं. कायद्यांच्या प्रती, हिशेब, ठराव, आणि त्यांच्याबरोबर देवीची झालेली खोटी नाणी. अगोराच्या उत्खननात अशी आडवी चिरलेली नाणी मिळाली आहेत, म्हणजे कायद्यातला तो शब्द कोरून सोडून दिला नव्हता.

पारख्याचा पगार टांकसाळीतल्या कामगारांच्या पगाराच्या तरतुदीतून निघतो. बंदरातल्या नव्या पारख्याला शहरातल्याइतकाच, नेमणुकीच्या दिवसापासून. ही बारकाईची ओळ शिळेवर वाचताना मला निकोफोनबद्दल आदर वाटतो. त्याने फटके लिहिले तसा पगारही विसरू दिला नाही.

कापड रिकामं करून तो निघतो तेव्हा परिषदेचा कारकून त्याला उद्याची सूचना देतो. उद्या भरण्याचा दिवस आहे. जकातीचा, खाणींचा, सरकारी जमिनींचा मक्ता घेतलेली माणसं हप्ते घेऊन येतील. पांढऱ्या रंगवलेल्या फळ्यांवर त्यांची नावं आणि रकमा लिहून ठेवलेल्या आहेत. पैसे पडतील तसा आकडा पुसला जाईल, आणि ज्याने भरला नाही त्याचा तसाच राहील. अशा दिवशी पारख्याने पेढ्यांमध्ये बसायचं नसतं. त्याने सभागृहात यायचं, दहा वसुली अधिकाऱ्यांच्या शेजारी, आणि थैल्या सुटतील तशी नाणी बघायची. रकमा मोठ्या असतात, म्हणून तराजूचे दोर आज रात्रीच तपासून ठेवायला हवेत.